३१ नंबरचा डावखुरा: एड ओबॅननचा खटला नेमका कशाचा होता?

मी कॉलेजच्या बास्केटबॉल टीममध्ये होतो. आंतरविद्यापीठ स्पर्धेसाठी वेस्ट झोनला गेलो, तेव्हा टीए-डीए, एक ट्रॅकसूट आणि स्लीपरचं तिकीट एवढं मिळालं होतं. सामना बघायला समोरची टीम, दोन्हीकडचे कोच आणि होस्टेलवरची पाच-सहा पोरं. त्यामुळे अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलचा विषय निघाला की माझ्या डोळ्यांसमोर पहिल्यांदा तेच सिमेंटचं कोर्ट यायचं. हे चित्र डोक्यातून काढल्याशिवाय एड ओबॅनन या माणसाची गोष्ट कळत नाही, म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

३ एप्रिल १९९५. सिएटल शहरातलं किंगडोम हे बंदिस्त स्टेडियम. कॉलेज बास्केटबॉलची राष्ट्रीय अंतिम लढत, एका बाजूला कॅलिफोर्नियाचं यूसीएलए विद्यापीठ आणि दुसऱ्या बाजूला आदल्या वर्षीचं विजेतं आर्कन्सा. बघायला ३८ हजारांहून जास्त माणसं आणि टीव्हीवर अख्खा देश. यूसीएलएचा चेंडू खेळवणारा मुख्य खेळाडू टायस एड्नी मनगटाच्या दुखापतीमुळे जेमतेम तीन मिनिटं खेळून बाहेर बसला. संघाचा भार आला तो ३१ नंबरची जर्सी घातलेल्या, डोक्याचा गोटा केलेल्या, ६ फूट ८ इंच उंचीच्या डावखुऱ्या खेळाडूवर. एड ओबॅननने त्या रात्री ३० गुण केले आणि १७ रिबाउंड घेतले, म्हणजे बास्केट हुकून परत आलेले चेंडू पकडले. यूसीएलए ८९-७८ ने जिंकलं. जॉन वुडन या दिग्गज प्रशिक्षकाने १९७५ मध्ये निवृत्त होताना जिंकलेल्या विजेतेपदानंतर विद्यापीठाला वीस वर्षांनी मिळालेलं हे पहिलं विजेतेपद. स्पर्धेचा सर्वोत्कृष्ट खेळाडू ओबॅनन ठरला. वर्षातल्या सर्वोत्तम कॉलेज खेळाडूला मिळणारा वुडन पुरस्कारही त्यालाच मिळाला. पुढच्या वर्षी विद्यापीठाने त्याची ३१ नंबरची जर्सी कायमची निवृत्त केली.

त्या रात्रीच्या जाहिराती, तिकिटं, टीव्हीचे हक्क, टी-शर्ट या सगळ्यातून आलेल्या पैशात ओबॅननचा वाटा शून्य होता. त्याला मिळत होती ती शिष्यवृत्ती, म्हणजे फी, राहणं, जेवण आणि पुस्तकं. हा काही त्याच्यावर एकट्यावर झालेला अन्याय नव्हता. नियमच तसा होता आणि सगळ्यांना लागू होता.

नियम करणारी संस्था म्हणजे एनसीएए. १९०६ मध्ये स्थापन झाली, कारण त्या काळी कॉलेजच्या फुटबॉलमध्ये (आपला पायाने खेळायचा नव्हे, अंगावर धडका मारायचा अमेरिकन फुटबॉल) मुलं मैदानावर मरत होती आणि राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांना त्यात लक्ष घालावं लागलं होतं. मुलांचा जीव वाचवणं हे तिचं मूळ काम. आज हजाराहून जास्त कॉलेजं आणि विद्यापीठं तिची सदस्य आहेत आणि खेळाडूने काय करावं, काय करू नये हे ती ठरवते. पात्रतेच्या नियमांचं पुस्तक किती बारकाईचं असावं? एक काळ असा होता की कॉलेजने खेळाडूला बेगल नावाचा गोल पाव दिला तर तो अल्पोपाहार मानला जाई आणि चाले. पण त्यावर क्रीम चीज लावलं की ते जेवण होई आणि मग नियम आडवा येई. २०१० मध्ये जॉर्जिया विद्यापीठाचा फुटबॉलपटू ए. जे. ग्रीन याने स्वतःची वापरलेली जर्सी हजार डॉलरला विकली, म्हणून त्याला चार सामने बाहेर बसवलं. जर्सी त्याची, घाम त्याचा. त्याच जर्सीच्या नकला मात्र दुकानात विकायला होत्या.

दुसऱ्या बाजूचा पैसा बघा. मार्च महिन्यात होणाऱ्या बास्केटबॉल स्पर्धेचे टीव्ही हक्क एनसीएएने २०१० मध्ये सीबीएस आणि टर्नर या कंपन्यांना चौदा वर्षांसाठी विकले, १० अब्ज ८० कोटी डॉलरला. अमेरिकेच्या बहुतेक राज्यांत सर्वांत जास्त पगार घेणारा सरकारी नोकर राज्यपाल नसतो, सरकारी विद्यापीठाचा फुटबॉल नाहीतर बास्केटबॉल कोच असतो. घरचं खाऊन लष्कराच्या भाकऱ्या भाजणं आपण म्हणतो ते निदान हौसेने केलेलं असतं. इथे भाकऱ्या भाजणं सक्तीचं होतं आणि त्या विकायला दुकान थाटलेलं होतं.

या व्यवस्थेला आधार होता तो एका शब्दजोडीचा: ‘विद्यार्थी-खेळाडू’. ऐकायला किती छान वाटतं. पण ती जन्मली कशी हे कळलं तेव्हा मला खरंच धक्का बसला. १९५५ मध्ये कोलोरॅडोतल्या फोर्ट लुइस कॉलेजचा रे डेनिसन हा फुटबॉलपटू सामन्यात डोक्याला मार लागून गेला. त्याच्या पत्नीने नुकसानभरपाई मागितली, कामावर असताना कामगार दगावला तर त्याच्या घरच्यांना मिळते तशी. खेळाडू कॉलेजचा कामगार ठरला असता तर देशभरच्या कॉलेजांवर जबाबदारी आली असती. खेळाडू हा आधी विद्यार्थी आहे, नोकर नव्हे, हे ठसवण्यासाठी एनसीएएचे प्रमुख वॉल्टर बायर्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ही शब्दजोडी घडवली आणि सगळीकडे वापरायला लावली. १९५७ मध्ये कोलोरॅडोच्या सर्वोच्च न्यायालयाने त्या बाईंचा दावा फेटाळला. साडेतीन दशकं एनसीएए चालवणाऱ्या बायर्सनी म्हातारपणी आठवणी लिहिल्या आणि हा सगळा प्रकार स्वतःच सांगितला. खेळाडूंना कमाईचा हक्क द्या, असंही लिहिलं. ते पुस्तक आलं १९९५ मध्ये, ओबॅननने विजेतेपद जिंकलं त्याच वर्षी.

आता ओबॅननकडे परत येऊ.

जन्म १९७२ चा, लॉस एंजेलिसचा. शाळेत असतानाच देशभर नाव झालेलं. १९९० मध्ये यूसीएलएत दाखल झाला आणि हंगाम सुरू होण्याआधीच सहज खेळल्या जाणाऱ्या एका सामन्यात डावा गुडघा गेला. आतला मुख्य अस्थिबंध तुटला होता. मृत दात्याचा स्नायुबंध बसवून शस्त्रक्रिया करावी लागली. पहिलं वर्ष अख्खं वाया, दुसरं अर्धंमुर्धं. पुन्हा खेळता येईल की नाही याचीच खात्री नव्हती, त्या गुडघ्यावर तो चार वर्षांनी देशाचा सर्वोत्कृष्ट खेळाडू झाला. शेवटच्या वर्षी सामन्यामागे त्याची सरासरी होती २०.४ गुण.

पण गुडघा तो गुडघाच. १९९५ च्या जूनमध्ये न्यू जर्सी नेट्सने त्याला नवव्या क्रमांकावर निवडलं आणि तो एनबीएमध्ये, म्हणजे व्यावसायिक लीगमध्ये गेला. तिथे अडचण अशी झाली की बास्केटखाली धसमुसळेपणा करायला तो अंगाने कमी पडायचा आणि बाहेरून वेगाने खेळायला गुडघा साथ देत नव्हता. दोन हंगाम, दोन संघ, सामन्यामागे सरासरी पाच गुण, की संपलं. चोविसाव्या-पंचविसाव्या वर्षी एनबीए मागे पडली. मग तो इटली, स्पेन, ग्रीस, अर्जेंटिना, पोलंड असा देशोदेशी खेळत राहिला. ज्याला आपण पोटापाण्यासाठी वणवण म्हणतो तशीच ती, फक्त चेंडू घेऊन. २००४ मध्ये त्याने खेळ सोडला. वय बत्तीस. बायको-मुलांना घेऊन तो लास वेगासच्या परिसरात स्थायिक झाला आणि हेंडरसन गावातल्या टोयोटाच्या डीलरकडे गाड्या विकू लागला.

अमेरिकेतल्या लेखांमध्ये ‘एकेकाळचा तारा आज मोटारी विकतो’ असं हळहळून लिहिलेलं दिसतं, ते मला पटत नाही. इमानाने केलेल्या नोकरीत हळहळण्यासारखं काय आहे? त्याने संसार उभा केला, शिक्षण अर्धवट राहिलं होतं ते २०११ मध्ये नेवाडा विद्यापीठातून पूर्ण केलं. पुढे अडचणीत सापडलेल्या, कायद्याच्या कचाट्यात आलेल्या अल्पवयीन मुलांबरोबर काम करू लागला. त्याचं आयुष्य फुकट गेलेलं नाही. या आयुष्यातून दिसतं ते वेगळंच काहीतरी, आणि खटला समजायला ते फार महत्त्वाचं आहे: ओबॅननच्या नावाला, चेहऱ्याला, ३१ नंबरला बाजारात सर्वांत जास्त किंमत होती ती वयाच्या बावीस वर्षांपर्यंत, कॉलेजात असताना. त्यानंतर ती उतरतच गेली. म्हणजे कमाईची जी वेळ होती, नेमकी त्याच वेळेत त्याला कमवायला बंदी होती.

आणि हे त्याच्यापुरतं नाही. कॉलेजात बास्केटबॉल खेळणाऱ्या शंभर मुलांमधली एखाद-दुसरीच व्यावसायिक लीगपर्यंत पोचतात. एनसीएएची एक गाजलेली टीव्ही जाहिरात होती. चार लाखांच्या वर विद्यार्थी-खेळाडू आहेत आणि त्यातले बहुतेक जण खेळ सोडून दुसऱ्याच कुठल्या तरी क्षेत्रात नाव काढतील, असं ती अभिमानाने सांगायची. पण हेच वाक्य खेळाडूच्या बाजूने वाचून बघा. बहुतेकांना पुढे खेळातून काही मिळणार नाही, हे जर तुम्हालाच माहीत आहे, तर मिळण्यासारखी चार वर्षंसुद्धा त्यांच्याकडून का काढून घेता?

खटल्याचं निमित्त मात्र अगदी घरगुती होतं. ओबॅनन एका ओळखीच्यांकडे गेला होता. त्यांचा मुलगा ईए स्पोर्ट्स कंपनीचा कॉलेज बास्केटबॉलचा व्हिडिओ गेम खेळत होता. त्यात जुन्या गाजलेल्या संघांमध्ये यूसीएलएचा १९९५ चा संघ होता. पडद्यावर एक खेळाडू धावत होता: डावखुरा, टक्कल, तीच उंची, तीच ठेवण, निळी-सोनेरी जर्सी आणि पाठीवर ३१. नाव कुठेच नव्हतं. ओबॅननला आधी गंमत वाटली, अभिमानही वाटला. मग तो गृहस्थ सहज म्हणून गेला, की या गेमला आम्ही साठ डॉलर मोजले आणि तुला त्यातला एक पैसा नाही.

नाव गाळलं की प्रश्न मिटला, असा तो हिशेब होता. ताकाला जाऊन भांडं लपवायचं ते असं. १९९५ च्या यूसीएलएत ३१ नंबरचा डावखुरा दुसरा कोण होता?

त्याच सुमाराला सॉनी व्हॅकारो नावाचा एक माणूस एनसीएएविरुद्ध उभा राहील असा खेळाडू शोधत होता. हा माणूस बास्केटबॉलच्या जगातला जुना जाणकार. १९८४ मध्ये मायकेल जॉर्डनला नाइकीकडे आणण्यात त्याचा हात होता. बुटांच्या कंपन्यांचा पैसा कॉलेजच्या खेळात आणणाऱ्यांपैकी तो एक, आणि उतारवयात त्याला वाटू लागलं की या पैशातून खेळाडूच तेवढे वगळले गेले. त्याने वकील मायकेल हाउसफेल्ड यांच्याशी गाठ घालून दिली. जुलै २००९ मध्ये कॅलिफोर्नियातल्या फेडरल न्यायालयात दावा दाखल झाला. पुढे ऑस्कर रॉबर्टसन आणि बिल रसेल हे बास्केटबॉलमधले महापुरुषच म्हणावेत असे खेळाडूही ओबॅननच्या बाजूने दाव्यात आले.

आता कायद्याचा भाग. इथे वाचक कंटाळून पुढे जातात, पण खरी मेख इथेच आहे.

अनेकांना वाटतं की ओबॅननचं भांडण ‘माझा चेहरा चोरला’ एवढंच होतं. तो भाग होताच. आपल्याकडेही आता याला व्यक्तिमत्त्व हक्क म्हणतात. २०२४ मध्ये गायक अरिजित सिंगच्या आवाजाची एआयने नक्कल करण्याला मुंबई उच्च न्यायालयाने मनाई केली, ती याच तत्त्वावर. पण एनसीएएवर झालेला मुख्य आरोप निराळा आणि जास्त खोलवरचा होता. तो १८९० च्या शर्मन कायद्याखाली होता. मक्तेदारी आणि व्यापाऱ्यांचं संगनमत मोडणारा हा कायदा.

कांद्याच्या लिलावाचं उदाहरण घ्या. बाजार समितीत दहा व्यापारी आहेत. शेतकऱ्याला भाव मिळतो, कारण एकाने कमी बोली लावली तर दुसरा वर चढतो. पण दहाही जणांनी आदल्या रात्री बसून ठरवलं की उद्या अमुक रुपयांच्या वर कोणीच जायचं नाही, तर शेतकऱ्याच्या हातात काय राहिलं? याला आपल्याकडे ‘रिंग करणं’ म्हणतात. शेतकरी ट्रॅक्टर फिरवून परत नेऊ शकत नाही, कारण माल नाशवंत.

ओबॅननच्या वकिलांचं म्हणणं हेच होतं. विद्यापीठं म्हणजे व्यापारी. चांगल्या खेळाडूसाठी त्यांच्यात चुरस असते, प्रत्येकाला तो हवा असतो. पण शिष्यवृत्तीच्या वर कोणी एक डॉलरही द्यायचा नाही आणि खेळाडूच्या नावा-चेहऱ्याचे पैसे त्याला मिळू द्यायचे नाहीत, असं सगळ्यांनी मिळून ठरवलं आहे. एनसीएए ही त्या रिंगची कचेरी. आणि खेळाडूचा माल कांद्याहून नाशवंत. अठरा ते बावीस, एवढीच मुदत.

क्रीडासंस्थेला बाजाराचे कायदे लागू होतात का, असा प्रश्न पडला असेल तर भारतातला दाखला आहे. आपल्या स्पर्धा आयोगाने २०१३ मध्ये बीसीसीआयला बाजारातल्या वर्चस्वाचा गैरवापर केला म्हणून ५२.२४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. अपिलात तो रद्द झाला आणि २०१७ मध्ये आयोगाने तेवढाच दंड पुन्हा ठोठावला. म्हणजे खेळ चालवणारी संस्था देवळाच्या ट्रस्टसारखी वागत असली तरी ती बाजारात उभी असते.

एनसीएएचा बचाव साफ टाकाऊ नव्हता, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. अमेरिकेत असं संगनमत तपासताना न्यायालय तीन पायऱ्यांनी जातं. आधी विचारतं, याने स्पर्धेला इजा होते का? होत असेल तर, बदल्यात लोकांचा काही फायदा होतो का? होत असेल तर, तोच फायदा कमी जाचक मार्गाने साधता येईल का? एनसीएएने सांगितलं, की लोक कॉलेजचा खेळ बघतात तो हौशी आहे म्हणून. पैसा शिरला की तो दुय्यम दर्जाची एनबीए होईल आणि कोणी बघणार नाही. शिवाय खेळाडू बाकीच्या विद्यार्थ्यांपासून तुटतील. पाठीशी जुना आधारही होता. १९८४ मध्ये ओक्लाहोमा विद्यापीठाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एनसीएएचे टीव्हीवरचे निर्बंध मोडीत काढले, पण निकालपत्रात जाता जाता लिहून ठेवलं की खेळाडूंना पैसे न देणं हे कॉलेज खेळाचं वैशिष्ट्य आहे. त्या एका ओझरत्या उल्लेखावर संस्थेने तीस वर्षं काढली.

२०१४ च्या जूनमध्ये ओकलंडला न्यायाधीश क्लॉडिया विल्केन यांच्यासमोर सुनावणी झाली. त्याआधी ओबॅननच्या बाजूने एक मोठा निर्णय घेतला होता: स्वतःसाठी मागितलेली नुकसानभरपाई सोडून द्यायची. हजारो माजी खेळाडूंच्या वतीने एकत्र भरपाई मागायला विल्केन यांनी नकार दिला होता, कारण प्रत्येकाचं नक्की किती नुकसान झालं हे ठरवणं शक्य नव्हतं. वैयक्तिक भरपाईचा आग्रह धरला असता तर खटला ज्युरीपुढे गेला असता. म्हणून दावा एवढाच उरला की नियम बेकायदा ठरवा आणि पुढच्या मुलांसाठी बदला. ज्याच्या नावाने खटला ओळखला जातो, त्याने निकालातून पैसा मिळण्याची वाट अशी सुनावणीआधीच सोडली होती.

पहिला साक्षीदार ओबॅनन स्वतः. त्याने सांगितलं की आठवड्याचे चाळीस-पंचेचाळीस तास बास्केटबॉलमध्ये जायचे आणि अभ्यासाला बारा तास मिळाले तर मिळाले. त्याला जनसंपर्क-माध्यमांचा विषय घ्यायचा होता, पण सरावाच्या वेळेत बसतो म्हणून त्याला इतिहास घ्यायला लावला. विद्यार्थ्याचं सोंग घेतलेला खेळाडू, असं त्याने स्वतःचं वर्णन केलं. बायर्सच्या त्या शब्दजोडीला याहून नेमकं उत्तर मी वाचलेलं नाही.

८ ऑगस्ट २०१४ ला ९९ पानी निकाल आला. विल्केन यांनी सांगितलं की हे नियम स्पर्धेला मारक आणि बेकायदा आहेत. हौशीपणाचा मुद्दा त्यांनी थोडासा मान्य केला, पण त्यासाठी संपूर्ण बंदी कशाला? दोन गोष्टींना विद्यापीठांना मोकळीक द्या. एक, शिष्यवृत्ती शिक्षणाच्या खऱ्या खर्चाएवढी करा, म्हणजे घरी जाण्याचं भाडं आणि किरकोळ खर्चही त्यात धरा. दुसरी, नावा-चेहऱ्याच्या उत्पन्नातून प्रत्येक खेळाडूसाठी वर्षाला ५ हजार डॉलरपर्यंत बाजूला ठेवा, शिक्षण संपल्यावर ते त्याला मिळतील.

अपिलात काय झालं ते थोडक्यात. सप्टेंबर २०१५ मध्ये वरच्या न्यायालयाने, नाइन्थ सर्किटने, एनसीएएने कायदा मोडला हे कायम केलं, खऱ्या खर्चाचा भागही ठेवला, पण ५ हजार डॉलरची तरतूद दोन विरुद्ध एक मतांनी उडवली. शिक्षणाशी जोडलेला खर्च देणं वेगळं आणि रोख पैसे देणं वेगळं, असं बहुमताचं म्हणणं. २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण ऐकायला नकार दिला. विजय म्हणावा तर रोख पैसा नाही, पराभव म्हणावा तर संस्था कायदा मोडणारी ठरलेली. तेव्हा बऱ्याच जणांनी याला अर्धामुर्धा निकाल म्हटलं. मला तसं वाटत नाही. बांधाला चीर पडली होती, पाणी यायचं तेवढं बाकी होतं.

वकिलांची फी म्हणून एनसीएएला चार कोटी डॉलरहून जास्त द्यावे लागले. व्हिडिओ गेमपुरता सॅम केलर या माजी फुटबॉलपटूचा वेगळा दावा होता. तो ईए स्पोर्ट्स, परवाने देणारी कंपनी आणि एनसीएए यांनी मिळून ६ कोटी डॉलर देऊन मिटवला. २०१३ च्या आवृत्तीनंतर ईएने कॉलेज फुटबॉलचा गेम काढणंच बंद केलं. तो गेम खेळत मोठी झालेली पोरं ओबॅननवर रागावली. त्याने मागितला होता वाटा, गेम बंद करा असं तो कधीच म्हणाला नव्हता. पण शिव्या त्याच्या वाट्याला आल्या.

याच काळात, एप्रिल २०१४ मध्ये, कनेटिकट विद्यापीठाला विजेतेपद मिळवून देणारा शबाझ नेपिअर पत्रकारांना म्हणाला की काही रात्री मी उपाशी झोपतो. देशातला सर्वोत्तम संघ, त्याचा मुख्य खेळाडू, आणि रात्री खायला पैसे नाहीत. काही दिवसांतच एनसीएएने खेळाडूंच्या जेवणावरची मर्यादा काढली. पावावरच्या क्रीम चीजचा वाद मिटला तो असा.

मग चीर रुंदावत गेली. २०१९ मध्ये कॅलिफोर्नियाने कायदा केला की राज्यातल्या कॉलेज खेळाडूंना स्वतःच्या नावावर कमवू द्यावंच लागेल. इतर राज्यंही मागे लागली, कारण चांगला खेळाडू कॅलिफोर्नियात निघून जाईल ही भीती. २१ जून २०२१ ला ऑल्स्टन या माजी कॉलेज फुटबॉलपटूच्या नावाने चाललेल्या, शिक्षणाशी जोडलेल्या लाभांवरच्या मर्यादांविरुद्धच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने नऊ विरुद्ध शून्य मतांनी एनसीएएविरुद्ध निकाल दिला. १९८४ चा तो ओझरता उल्लेख आता ढाल म्हणून चालणार नाही, हे स्पष्ट झालं. न्यायमूर्ती कॅव्हनॉ यांनी तर वेगळं मत लिहून म्हटलं की हाच धंदा दुसऱ्या जवळपास कुठल्याही उद्योगात उघडउघड बेकायदा ठरला असता. १ जुलै २०२१ पासून खेळाडूंना नाव, प्रतिमा आणि ओळख यांतून कमवायची मुभा मिळाली. यालाच तिकडे ‘एनआयएल’ म्हणतात.

बदल किती मोठा होता हे आयोवा विद्यापीठाच्या केटलिन क्लार्कवरून कळतं. कॉलेजात असतानाच तिचे नाइकी, गेटोरेड, स्टेट फार्म यांच्याशी करार होते. ती २०२४ मध्ये व्यावसायिक महिला लीगमध्ये गेली, तिथे तिचा पहिल्या वर्षीचा मूळ पगार होता ७६,५३५ डॉलर. नियम जुनेच असते तर तिच्यासारख्या मुलीला कॉलेजच्या चार वर्षांत एक डॉलर घेता आला नसता, आणि बक्कळ कमवायचं ते या एवढ्या पगाराच्या लीगमध्ये जाऊन.

इथे आपल्याकडच्या आई-वडिलांसाठी एक गोष्ट सांगून ठेवतो. भारतातून खेळाच्या शिष्यवृत्तीवर अमेरिकेत जाणारी मुलं एफ-१ या विद्यार्थी व्हिसावर असतात आणि त्या व्हिसावर काम करून कमावण्यावर कडक बंधनं आहेत. शेजारच्या लॉकरमधली अमेरिकन मुलगी बुटांची जाहिरात करून पैसे घेऊ शकते, म्हणून आपल्या मुलीलाही घेता येतील असं धरून चालू नका. पुण्यातून किंवा नागपूरहून गेलेल्या मुलाने करारावर सही करण्याआधी इमिग्रेशनच्या वकिलाला विचारलंच पाहिजे, नाहीतर व्हिसा धोक्यात येईल.

नवी व्यवस्था गोंधळाची आहे, हे खरं आहे. जास्त पैसे मिळतील तिकडे दर वर्षी विद्यापीठ बदलणारे खेळाडू आहेत. श्रीमंत माजी विद्यार्थी एकत्र येऊन पैसा ओततात. फुटबॉल-बास्केटबॉलला एवढा पैसा गेल्यावर पोहणं, कुस्ती, टेनिस यांचं काय, ही काळजी खरी आहे. पण या गोंधळाचं खापर ओबॅननवर फोडणं बरोबर नाही. संस्थेने १९९५ मध्ये, निदान २००९ मध्ये, बसून नीट नियम केले असते तर कोर्टाकोर्टांतून तुकड्या-तुकड्याने बदल झाला नसता.

जुलै २०२४ मध्ये ईएने कॉलेज फुटबॉलचा गेम अकरा वर्षांनी पुन्हा आणला. या वेळी खेळाडू नावानिशी होते, आणि त्यात यायला तयार झालेल्या प्रत्येकाला ६०० डॉलर आणि गेमची एक प्रत देऊ केली होती.

६ जून २०२५ ला आणखी एक मोठी तडजोड मंजूर झाली. ॲरिझोना स्टेटचा जलतरणपटू ग्रँट हाउस याच्या नावाने चाललेला हा दावा. मंजुरी देणाऱ्या न्यायाधीश पुन्हा क्लॉडिया विल्केनच. आता विद्यापीठं खेळाडूंना थेट पैसे देऊ शकतात, पहिल्या वर्षी एका विद्यापीठामागे सुमारे २ कोटी ५ लाख डॉलरपर्यंत. शिवाय मागची भरपाई म्हणून सुमारे २ अब्ज ८० कोटी डॉलर दहा वर्षांत वाटले जायचे आहेत. पण ते कोणाला? संगनमताच्या दाव्याला मुदतीचा कायदा लागतो आणि ती मुदत चार वर्षांची. हाउसचा दावा दाखल झाला जून २०२० मध्ये. म्हणून हिशेब मागे जातो तो जून २०१६ पर्यंतच, त्याआधी खेळलेल्यांना त्यातलं काही मिळणार नाही. एड ओबॅननचा कॉलेजातला शेवटचा सामना ३ एप्रिल १९९५ चा.